विश्लेषण : स्लॅब कोसळण्याआधी इमारत काय सांगते? उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूरच्या जुन्या इमारती पाडायच्या की वाचवायच्या?

उल्हासनगरमध्ये कुणालाही पत्ता विचारा. ‘बॅरेक नंबर अमुक, सेक्शन तमुक, कॅम्प तीन’ असं उत्तर येतं. शोधत शोधत तिथे पोहोचलात की समोर बॅरेक नसते, पाच मजली आरसीसी इमारत असते. खाली कपड्यांचं नाहीतर मोबाइलचं दुकान, वर बिऱ्हाडं, गच्चीवर पत्र्याची शेड. बॅरेक केव्हाच गेली, तिचा नंबर तेवढा आधार कार्डावर राहिला.

आता त्या बॅरेकच्या जागी उभी राहिलेली इमारतही जाण्याच्या वाटेवर आहे. दरवर्षी पावसाळ्याच्या तोंडावर उल्हासनगर महापालिका, अंबरनाथ आणि कुळगाव-बदलापूर नगरपरिषदा धोकादायक इमारतींच्या याद्या काढतात, दारावर नोटिसा चिकटवतात. काही कुटुंबं निघतात, बरीचशी राहतात. मग एखाद्या रात्री बातमी येते.

या इमारती पाडायच्या की दुरुस्त करून ठेवायच्या, हा प्रश्न सोपा वाटतो. पण त्यात काँक्रीटइतकाच कागदाचाही गुंता आहे.

छावणीचं शहर कसं झालं?

दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिशांनी कल्याणजवळ लष्करी छावणी उभारली. तिला कल्याण कॅम्प म्हणत. सैनिकांसाठी दोन हजारांहून अधिक बॅरेक बांधल्या गेल्या. लांबलचक, उतरत्या छपराच्या, एकाच साच्यातल्या. युद्ध संपलं आणि फाळणी झाली. सिंधमधून आलेल्या निर्वासितांना याच बॅरेकमध्ये जागा मिळाली. मध्ये गोणपाटाचे नाहीतर चादरींचे पडदे लावून एका बॅरेकमध्ये कित्येक संसार सुरू झाले. ८ ऑगस्ट १९४९ रोजी गव्हर्नर जनरल सी. राजगोपालाचारी यांच्या हस्ते शहराची पायाभरणी झाली आणि शेजारून वाहणाऱ्या नदीवरून नाव पडलं उल्हासनगर.

पुढे माणसं वाढली, धंदे वाढले, जागा मात्र तेवढीच. बॅरेकच्या खोल्यांवर माळे चढले, मग एक-एक बॅरेक पाडून स्लॅबच्या इमारती आल्या. ऐंशी आणि नव्वदच्या दशकात हा वेग प्रचंड होता. खांब, बीम, सपाट गच्ची, नक्षीकाम शून्य, कमी पैशांत जास्तीत जास्त खोल्या. वास्तुकलेच्या पुस्तकात ज्याला आधुनिकतावाद म्हणतात, तो आपल्या भागात ल कॉर्बुझिएच्या नकाशातून आला नाही. तो सेंट्रिंगवाल्याच्या फळ्यांवरून आला. नकाशा मंजूर करून घेण्याची फारशी पद्धत नव्हतीच.

अंबरनाथ आणि बदलापूरची गोष्ट थोडी वेगळी आहे. अंबरनाथ विम्को, आयुध निर्माणी आणि एमआयडीसीभोवती वाढलं. बदलापूर लोकलच्या जोरावर वाढलं. मुंबईत घर परवडत नाही म्हणून आलेल्या नोकरदारांसाठी तिथे तीन-चार मजली, बिनलिफ्टच्या इमारतींची रांग लागली. या इमारती आता तिशी ओलांडत आहेत.

स्लॅबच का कोसळतो?

१५ मे २०२१ रोजी उल्हासनगर कॅम्प १ मधल्या मोहिनी पॅलेस इमारतीत स्लॅब कोसळून रहिवाशांचा बळी गेला. दोन आठवडेही झाले नव्हते, २८ मेच्या रात्री नेहरू चौक परिसरातल्या एका इमारतीत वरच्या मजल्याचा स्लॅब थेट तळमजल्यापर्यंत आला. सात जण गेले. सप्टेंबर २०२२ मध्ये कॅम्प ५ मधल्या मानस टॉवरमध्ये चार जणांचा मृत्यू झाला.

या घटनांमध्ये एक साम्य आहे. अख्खी इमारत आडवी झाली नाही. खांब आणि भिंती जागेवर राहिल्या, मधले स्लॅब मात्र एकावर एक पडत खाली गेले. असं का होतं, हे समजायला थोडं सिव्हिलचं गणित लागतं. मी अभियांत्रिकीची पदवी घेऊन बातमीदारीत आलो, त्यामुळे हा भाग जरा सविस्तर लिहितो.

काँक्रीट दाब सोसतं, ओढ सोसत नाही. ओढ सोसण्यासाठी आत लोखंडी सळया असतात. नव्या काँक्रीटमध्ये अल्कधर्म इतका जास्त असतो की सळईवर एक अदृश्य संरक्षक थर तयार होतो आणि ती गंजत नाही. पण हवेतला कार्बन डायऑक्साइड वर्षानुवर्षं काँक्रीटमध्ये शिरत राहतो आणि हा अल्कधर्म कमी करतो. याला कार्बोनेशन म्हणतात. ते सळईपर्यंत पोहोचलं, की ओल मिळताच गंज सुरू होतो. गंजलेलं लोखंड मूळ लोखंडापेक्षा कितीतरी जास्त जागा घेतं. ते आतून काँक्रीटला ढकलतं, तडा जातो, पोपडा सुटतो, आणखी हवा-पाणी आत जातं.

म्हणजे सगळा खेळ सळईवरच्या काँक्रीटच्या आवरणाचा, ज्याला साइटवर ‘कव्हर’ म्हणतात. इथे एक गंमत आहे, खरं तर गंमत नाहीच. कार्बोनेशन वेळेच्या वर्गमुळाच्या प्रमाणात आत सरकतं. म्हणजे आवरण दुप्पट ठेवलं तर सळईपर्यंत पोहोचायला चौपट वेळ लागतो. उलटही तितकंच खरं. जुन्या मानकात स्लॅबसाठी किमान १५ मिलिमीटर आवरण सांगितलं होतं. ढोबळ हिशेबाने, हलक्या प्रतीच्या काँक्रीटमध्ये १५ मिलिमीटर पार व्हायला १८-२० वर्षं लागत असतील, तर कव्हर ब्लॉकऐवजी खडीचा तुकडा ठेवून जिथे ७-८ मिलिमीटरच आवरण मिळालं, तिथे हेच काम पाच वर्षांत उरकतं. इमारतीला रंगाचा दुसरा हातही लागलेला नसतो आणि आत गंज सुरू झालेला असतो.

त्यात त्या काळचं काँक्रीटच कमी ताकदीचं. आरसीसीसाठी किमान एम-१५ दर्जा चालत असे. भारतीय मानक आयएस ४५६ मध्ये २००० साली सुधारणा झाली, तेव्हा ती किमान मर्यादा एम-२० वर गेली. आणि हा झाला कागदावरचा दर्जा. नकाशाच मंजूर नसेल, तर काँक्रीटचे ठोकळे तपासायला लॅबमध्ये कोण पाठवणार? मातकट रेती, अंदाजाने ओतलेलं पाणी, क्युरिंगला दोन-तीन दिवस. नव्वदच्या दशकातल्या घाईच्या बांधकामांबद्दल जुने ठेकेदारही आता हे खासगीत मान्य करतात.

आता पडण्याचं गणित. घरासाठी स्लॅब डिझाइन करताना माणसं, सामान वगैरेंचं वजन दर चौरस मीटरला २०० किलो धरतात. चार-पाच इंची स्लॅबचं स्वतःचं वजन दर चौरस मीटरला २५० ते ३०० किलो. म्हणजे वरचा स्लॅब अगदी अलगद खाली आणून ठेवला, तरी खालच्याला तो पेलण्याची हमी नाही. इथे तर तो नऊ-दहा फुटांवरून आदळतो. एक पडला की त्याखालचे बहुतेक सगळेच जातात, ते यामुळे. तळमजल्यावरच्या दुकानदाराचा वरच्या बाथरूमशी काही संबंध नसतो, पण ढिगाऱ्याखाली तोही सापडतो.

सुरुवात बहुतेक वेळा पाण्यापासून होते. बाथरूमखालचा खोलगट स्लॅब, गच्चीवरची टाकी, वॉटरप्रूफिंग उखडलेली गच्ची. त्यावर आपण भर घालतो. जुन्या लाद्या न काढता त्यावरच नव्या बसवणं हा आपल्याकडचा आवडता शॉर्टकट. नवी लादी आणि खालचा मसाला धरला तर दर चौरस मीटरला ५०-५५ किलो सहज वाढतात. ५०० चौरस फुटांच्या घरात हे होतं जवळपास अडीच टन.

मग तीस वर्षांची प्रत्येक इमारत पाडायचीच का?

नाही. वयाचा आणि धोक्याचा संबंध आहे, पण तो सरळ नाही. एप्रिल २०१३ मध्ये मुंब्र्याजवळच्या लकी कंपाउंडमध्ये ७४ जणांचा बळी घेणारी इमारत जुनी नव्हती, तिचं बांधकाम अजून सुरूच होतं. सप्टेंबर २०२० मध्ये भिवंडीत कोसळलेली जिलानी इमारत १९८० च्या दशकातली होती, तिथे ३८ जण गेले. आणि मरिन ड्राइव्हवरच्या आर्ट डेको इमारती याच आरसीसीच्या, समुद्राच्या खाऱ्या वाऱ्यात, नव्वदीकडे झुकलेल्या. त्या उभ्या आहेत, कारण त्यांच्यावर वेळोवेळी पैसा खर्च झाला.

महापालिका कायद्याच्या कलम २६५-अ नुसार तीस वर्षांहून जुन्या इमारतीचं नोंदणीकृत स्ट्रक्चरल इंजिनीअरकडून ऑडिट करून घेणं बंधनकारक आहे. त्यातून चार वर्ग निघतात. सी-१ म्हणजे अतिधोकादायक, तातडीने रिकामी करून पाडायची. सी-२ए म्हणजे रिकामी करून मोठी दुरुस्ती. सी-२बी म्हणजे लोक राहत असतानाच दुरुस्ती. सी-३ म्हणजे किरकोळ काम. पाडणं चारपैकी एकाच वर्गात येतं, हे बातम्यांच्या मथळ्यांत हरवतं. (आमच्याही. ‘धोकादायक’ हा एकच शब्द सगळ्यांना लावून मोकळं होतो.)

ऑडिट म्हणजे हातोडीने ठोकून पाहणं नव्हे. काँक्रीटचा नमुना कापून त्यावर फिनॉल्फथॅलीन टाकतात. दहावीच्या प्रयोगशाळेतलं तेच. जिथे गुलाबी रंग येतो तिथलं काँक्रीट निरोगी, जिथे रंग येत नाही तिथपर्यंत कार्बोनेशन पोहोचलेलं. सळईची गंजण्याची शक्यता हाफ-सेल चाचणीत कळते, आतल्या पोकळ्या अल्ट्रासॉनिक लहरींनी. या चाचण्यांशिवाय चार फोटो आणि एक शिक्का असलेला अहवाल मिळाला, तर तो परत करा.

या अहवालांवर लोकांचा विश्वास नसण्यालाही कारण आहे. पुनर्विकास हवा असलेल्याचा इंजिनीअर सी-१ म्हणतो, नको असलेल्याचा सी-२बी. एकाच इमारतीचे दोन अहवाल टेबलावर येतात. दोन्हीकडच्या चाचण्यांचे आकडे शेजारी ठेवायला लावणं, एवढाच त्यावरचा उपाय मला दिसतो. मतं वेगळी असू शकतात, पण मिलिमीटर आणि मिलिव्होल्टमध्ये फारसा फरक पडायला नको.

लोक घर का सोडत नाहीत?

दुर्घटनेनंतर सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हाच, आणि त्यात एक छुपा आरोपही असतो. ‘नोटीस दिली होती ना, मग राहिलेच कशाला?’

उत्तर कागदांत आहे. उल्हासनगरची जमीन निर्वासितांच्या पुनर्वसनासाठीची. तिचे हक्क १९५४ च्या विस्थापितांच्या भरपाई व पुनर्वसन कायद्याखाली दिले गेले. ज्याच्याकडे सनद आहे, तो जमिनीचा मालक. पण बॅरेकच्या खोलीची सनद एकाची, वर इमारत बांधली दुसऱ्याने, फ्लॅट घेतले तिसऱ्या-चौथ्याने, तेही कित्येकदा साध्या करारनाम्यावर. २००५ मध्ये तो १९५४ चा कायदाच रद्द झाला, पण त्याखालच्या जमिनींचे वाद रद्द झाले नाहीत.

त्याच सुमारास मुंबई उच्च न्यायालयाने शहरातल्या ८५५ बेकायदा इमारती पाडण्याचा आदेश दिला. शहर हादरलं. मग राज्य सरकारने खास उल्हासनगरपुरता कायदा केला आणि दंड भरून बांधकामं नियमित करून घेण्याची मुभा २००६ मध्ये दिली. नियमित झालेल्या इमारती त्या मानाने थोड्याच. दंड, मालकीचा पुरावा, नकाशे, एका इमारतीतल्या पंचवीस-तीस कुटुंबांचं एकमत, यातलं काही ना काही अडत राहिलं. त्यातही एक मूळचा घोळ आहे. दंड भरल्याने इमारत कायदेशीर होते, सळईवरचं आवरण वाढत नाही.

आता त्या इमारतीतल्या माणसाच्या जागी उभं राहून बघा. घराबाहेर पडलो तर महापालिका इमारत पाडणार. पाडल्यावर उरतो तो मोकळा भूखंड, आणि तो माझ्या नावावर नाही. सोसायटी नोंदणीकृत नाही, मंजूर नकाशा नाही, म्हणजे बँक कर्ज देत नाही, बिल्डरही फिरकत नाही. आत राहिलो तर निदान ताबा आहे. स्लॅब पडेल ही शक्यता, घर जाईल ही खात्री. माणूस शक्यता पत्करतो. त्याला अडाणी म्हणणं सोपं आहे, पण त्याचा हिशेब चुकीचा आहे असं मला म्हणता येत नाही.

भाडेकरूंच्या बाबतीत कायदा थोडा स्पष्ट आहे. सांगली-मिरज-कुपवाड महापालिकेने पाडलेल्या एका इमारतीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सांगितलं, की इमारत पाडली म्हणून भाडेकरूचा हक्क संपत नाही. बेकायदा इमारतीत फ्लॅट ‘विकत’ घेतलेल्याला असा आधार सहज मिळत नाही. म्हणून नोटिशीसोबत प्रत्येक बिऱ्हाडाचं क्षेत्रफळ मोजून, शिक्का मारलेला कागद हातात देणं, ही मला स्लॅबच्या दुरुस्तीइतकीच तातडीची गोष्ट वाटते. संक्रमण शिबिराचा पत्ताही त्यावरच असावा. नुसती नोटीस चिकटवल्याने जबाबदारी महापालिकेच्या फाइलमधून निघून रहिवाशाच्या दारावर जाते, एवढंच होतं.

नोंदणीकृत सोसायटी आणि जमिनीचा स्वच्छ कागद असेल, तर वाट बरीच मोकळी आहे. २०१९ च्या सुधारित निर्देशांनुसार ५१ टक्के सभासदांच्या संमतीने पुनर्विकासाचा निर्णय घेता येतो. अंबरनाथ-बदलापुरातल्या अनेक सोसायट्या त्या वाटेवर आहेत. पण बदलापूर पश्चिमेला आणखी एक अडचण आहे. उल्हास नदी. २६ जुलै २००५ आणि पुन्हा २०१९ च्या जुलैअखेर तिथले तळमजले पाण्याखाली गेले. नदीची निळी-लाल पूररेषा आखली गेली, आणि रेषेच्या आतल्या जुन्या इमारतींना नव्याने बांधायला परवानगी मिळणं कठीण झालं. जुनी राहण्याजोगी नाही, नवी बांधता येत नाही.

वारसा फक्त मंदिराचा?

अंबरनाथचं शिवमंदिर १०६० सालचं, शिलाहारांच्या काळातलं. ते भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाच्या संरक्षणाखाली आहे. संरक्षित स्मारकापासून १०० मीटरपर्यंत नवं बांधकाम करता येत नाही, पुढच्या २०० मीटरवरही निर्बंध आहेत. मंदिरासाठी हे योग्यच. पण १०० मीटरच्या आतल्या जीर्ण इमारतीला दुरुस्तीची परवानगी मिळू शकते, ती पाडून नवी उभी करता येत नाही. म्हणजे तिथे ‘वाचवणं’ हा एकच पर्याय उरतो, आणि तो वेळेत केला नाही तर तोही जातो.

विसाव्या शतकातल्या वास्तूंना मात्र कुणी वाली नाही. दिल्लीत प्रगती मैदानावरचा हॉल ऑफ नेशन्स १९७२ मध्ये बांधला गेला. वास्तुरचनाकार राज रेवाल, स्ट्रक्चरल इंजिनीअर महेंद्र राज. काँक्रीटची एवढी मोठी जाळीदार रचना जगात दुर्मीळ होती. वय साठ वर्षं भरत नाही या कारणाने तिला वारसा यादीत जागा मिळाली नाही आणि एप्रिल २०१७ मध्ये ती एका रात्रीत पाडली गेली. अहमदाबादच्या आयआयएममध्ये लुई कान यांनी उभारलेली वसतिगृहं पाडण्याचा प्रस्ताव डिसेंबर २०२० मध्ये आला, जगभरातून ओरड झाली, तेव्हा काही दिवसांतच मागे घ्यावा लागला. २०२२ मध्ये पुनर्बांधणीचा विषय पुन्हा आलाच.

आपल्याकडे असा नामवंत वास्तुकार नाही, त्यामुळे ओरडही होत नाही. विम्कोचं नाव आता नाक्यापुरतं उरलं आहे. आणि बॅरेक? ज्या थोड्या मूळ रूपाच्या जवळपास उरल्या आहेत, त्यांत गोदामं, शिवणयंत्रं, फर्निचरची दुकानं आहेत. फाळणीनंतर एका अख्ख्या समाजाने पहिली रात्र जिथे काढली, ती वास्तू म्हणून एक तरी बॅरेक राखायला हवी असं मला वाटतं. पाच मजली स्लॅबच्या इमारतींबद्दल मला तसं वाटत नाही. त्यांतल्या बहुतेकींमध्ये जपण्यासारखं काही असेल तर ती आतली माणसं. बॅरेक राखणं खर्चिकही नाही, कारण तिच्या डोक्यावर चार स्लॅब नाहीत.

तुमच्या इमारतीत काय बघाल?

ऑगस्ट २०१९ मध्ये उल्हासनगरातली महक अपार्टमेंट ही पाच मजली इमारत कोसळली. कुणाचाही जीव गेला नाही, कारण रहिवाशांना आदल्याच दिवशी बाहेर काढलं होतं. इमारत बहुतेक वेळा आधी सांगते. कालपर्यंत नीट लागणारं दार अचानक चौकटीत अडकायला लागलं, खिडकी सरकेनाशी झाली, तर सुताराला बोलावण्याआधी वरचा बीम बघा. चौकट दबली असेल तर कारण बहुधा लाकडात नाही. छताला सळईच्या रेषेत सरळ तडा, तपकिरी ओघळ, ठोकल्यावर पोकळ आवाज, सारखे पडणारे पोपडे, ही सळई गंजल्याची लक्षणं. खांबावरचा उभा तडा सगळ्यात गंभीर. पोपडा पडला की वरून पुट्टी आणि रंग मारून घेणं हा सगळ्यात वाईट उपाय. गंज आत चालूच राहतो, दिसायचा मात्र बंद होतो.

मी बदलापूर पूर्वेला राहतो. आमची इमारत १९९४ ची, चार मजल्यांची, लिफ्ट नाही. दोन वर्षांपूर्वी ऑडिट झालं, सी-२बी निघालं. नमुना घेतला तेव्हा मी मुद्दाम हजर होतो. गच्चीच्या स्लॅबचा तुकडा, त्यावर थेंब टाकला आणि बाहेरच्या बाजूला रंग आलाच नाही. बोटाच्या पेराएवढं आत गेल्यावर गुलाबी सुरू झालं. सळई नेमकी त्या सीमेवर होती. इंजिनीअरने ती नखाने खरवडून दाखवली, बोटाला तपकिरी पूड लागली.

दुरुस्तीचा खर्च घरटी विभागला तेव्हा सभेत तासभर वाद झाला. तळमजल्यावरच्यांचं म्हणणं, गच्चीशी आमचा काय संबंध? मी वर लिहिलेलं २०० आणि ३०० किलोंचं गणित तिथे फळ्यावर लिहून दाखवलं. दोन जणांनी धनादेश दिले. उरलेल्यांनी पुढच्या सभेत बोलू असं सांगितलं. ती सभा या रविवारी आहे.